रंगभूमि व रजतपट : सुलोचनाबाईंचें दुसरें विद्यार्थिपण

बोलावयास शिकणें हें आपण बालपणाचें काम समजतों. एकदां जिभेवर भाषा बसली, कीं ती पुढें जन्मभर विनातक्रार आपली चाकरी करील, अशा खात्रीनें आपण वागत असतों. परंतु वयाच्या चोविसाव्या वर्षीं, लौकिक ऐन भरास आला असतांना, ज्यांना नव्यानें बोलावयास शिकणें भाग पडलें, आणि ज्यांनीं तें मान खालीं घालून शिकून घेतलें, अशा एका नटीची हकीकत या महिन्यांत वाचकांपुढें ठेवण्याचें आम्हीं योजिलें आहे. मूकपट मागें पडून बोलपट आला, त्या वेळीं अनेक नटनटींचे ग्रह फिरले. ते कां फिरले, आणि या बाईंनीं आपले ग्रह पुन्हां अनुकूल कसे करून घेतले, एवढाच आजच्या लेखाचा विषय.

प्रथम नांवाविषयीं खुलासा केला पाहिजे. सुलोचना म्हटल्याबरोबर मराठी घरांत 'वहिनींच्या बांगड्यां'तील सुलोचनाबाई लाटकर यांची सोज्ज्वळ मूर्ति डोळ्यांपुढें उभी राहते. त्या २०२३ सालीं निवर्तल्या, आणि त्यांच्याविषयीं घरोघर आपुलकीनें बोललें जातें. आमच्या आजच्या सुलोचनाबाई त्यांच्याहून एक पिढी आधींच्या. लाटकरबाईंचा जन्म झाला त्या १९२८ सालीं या पहिल्या सुलोचनाबाईंची 'अनारकली' पडद्यावर झळकत होती. त्यांचें मूळचें नांव रूबी मायर्स.

रूबीचा जन्म १९०७ सालीं पुण्यास झाला. घराणें बगदादी यहुद्यांचें. आपल्याकडे यहुदी म्हटले, कीं कोंकणांतील बेने इस्राएल आठवतात. शनिवार तेली म्हणून ओळखले जाणारे ते लोक पिढ्यान् पिढ्या मराठीच बोलत आले. बगदादी यहुद्यांची गोष्ट निराळी. ते व्यापाराच्या निमित्तानें एकोणिसाव्या शतकांत मुंबईस आले. पुण्याचें ससून रुग्णालय आणि कँपांतील 'लाल देऊळ' म्हणून प्रसिद्ध असलेलें यहुदी प्रार्थनामंदिर हीं त्यांच्यांतील ससून घराण्याचींच स्मारकें होत. या समाजांतील पुढच्या पिढ्यांनीं इंग्रजी भाषा जवळ केली. त्यामुळें जन्म पुण्याचा असूनहि पुण्याची भाषा रूबीच्या घरची भाषा नव्हती, ही गोष्ट वाचकांनीं ध्यानांत ठेवावी. तिच्या पुढील आयुष्याची सारी अडचण येथूनच सुरू होते.

मोठी झाल्यावर ती मुंबईंत टेलिफोनच्या कचेरींत ऑपरेटर म्हणून नोकरी करूं लागली. तेथें कोहिनूर फिल्म कंपनीचे दिग्दर्शक मोहन भवनानी यांची दृष्टि तिच्यावर गेली आणि त्यांनीं तिला चित्रपटांत येण्याविषयीं विचारलें. प्रथम तिनें नकार दिला. तें स्वाभाविकच होतें. सिनेमांत जाणें हें कोणत्याच समाजांत भल्या घरच्या मुलीला शोभणारें मानलें जात नव्हतें. दादासाहेब फाळक्यांना १९१३ सालीं 'राजा हरिश्चंद्रा'साठीं तारामतीचें काम करावयास एकहि स्त्री मिळाली नाहीं आणि तें अण्णा साळुंके या पुरुषाकडून करवून घ्यावें लागलें, हें सर्वश्रुत आहे. त्याच सालीं 'मोहिनी भस्मासुर' या चित्रपटांत दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई या दोघी उभ्या राहिल्या. परंतु त्यांच्या मागोमाग प्रतिष्ठित घरांचीं दारें उघडलीं असें कांहीं झालें नाहीं. ती रिकामी जागा पुष्कळ अंशीं यहुदी आणि अँग्लो-इंडियन मुलींनीं भरून काढली. कलकत्त्याच्या पेशन्स कूपर, 'सीता देवी' हें नांव घेतलेल्या रेनी स्मिथ, 'सबिता देवी' झालेल्या आयरिस गॅस्पर, अशीं किती तरी नांवें सांगतां येतील. रूबीनेंहि अखेर होकार दिला, आणि १९२५ सालच्या 'वीर बाला'पासून ती प्रेक्षकांची 'सुलोचना' झाली.

यांत दैवाची एक मौज आहे. टेलिफोनच्या कचेरींत बाईंचा आवाज तेवढा शहरभर ऐकूं जात असे, मुख कोणाला दिसत नसे. चित्रपटांत आल्यावर मुख सर्व देशभर दिसूं लागलें, पण आवाज कोणालाच ऐकूं येईना. या दुसऱ्या अवस्थेंतच त्यांचें भाग्य उदयास आलें.

मूकपट कसा तयार होई, हें आजच्या तरुण वाचकांस ठाऊक असण्याचा संभव कमी. कॅमेऱ्याचें हँडल फिरत असे, आणि दिग्दर्शक शेजारीं उभा राहून 'आतां पुढें या, आतां वळून पहा, आतां डोळ्यांत पाणी आणा' असें मोठ्यानें सांगत असे. नट कोणत्या भाषेंत बोलतो याला कांहीं महत्त्व नव्हतें, कारण बोलणें पडद्यावर अक्षरांच्या पाट्यांनीं दाखवावयाचें. त्या पाट्या दोन-तीन भाषांत लिहीत. ज्यांना वाचतां येत नसे त्यांच्यासाठीं नाटकगृहांत कोणी तरी त्या मोठ्यानें वाचून दाखवी. पडद्याजवळ पेटी-तबला चाले. अशा स्थितींत लाहोरचा प्रेक्षक असो, मदुरेचा असो, कीं आपल्या सांगलीचा असो, सुलोचनाबाई प्रत्येकाला आपल्याच भाषेंत बोलत आहेत असें वाटे. मुक्या पडद्यानें भाषेचा विटाळ मानला नाहीं.

सुलोचनाबाईंनीं या सवलतीचा पुरेपूर उपयोग करून घेतला. १९२६ सालीं चंदुलाल शहा यांच्या 'टायपिस्ट गर्ल' या चित्रपटांत त्यांनीं कचेरींत काम करणारी मुलगी रंगविली. बाई स्वतःच कचेरींतून आलेल्या, तेव्हां ही भूमिका त्यांना परकी नव्हती. १९२७ सालच्या 'वाइल्डकॅट ऑफ बाँबे' या चित्रपटांत तर त्यांनीं एकटीनें आठ सोंगें वठविलीं. त्यांत माळी होता, पोलिस होता, हैदराबादी गृहस्थ होता, केळीं विकणारा होता आणि पिंगट केसांची युरोपियन बाईहि होती. त्याच वर्षीं रवींद्रनाथांच्या 'विसर्जन' नाटकावर आधारलेल्या 'बलिदान' चित्रपटांत त्या होत्या. त्या चित्रपटांत त्यांच्याबरोबर झुबेदा नांवाची दुसरी नटी होती. हें नांव पुन्हां येणार आहे.

पुढें सुलोचनाबाई आर्देशीर इराणी यांच्या इंपीरियल कंपनींत आल्या. १९२८ सालीं लाहोरची एक कंपनी अनारकलीच्या कथेवर सीता देवींना घेऊन मोठ्या थाटाचा चित्रपट काढीत होती. इंपीरियलनें ती बातमी लागतांच आर. एस. चौधरी यांच्याकडून त्याच विषयावर झटपट दुसरा चित्रपट करवून घेतला आणि तो आधीं पडद्यावर आणला. ही अनारकली म्हणजे सुलोचनाबाई, आणि सलीम म्हणजे दिनशा बिलिमोरिया. ही जोडी लोकांनीं डोक्यावर घेतली. पाठोपाठ 'माधुरी' (१९२८) आणि 'इंदिरा बी. ए.' (१९२९) हे चित्रपट आले. बाईंच्या कीर्तीची साक्ष देणारी एक हकीकत चित्रपटांच्या इतिहासांत नमूद आहे. महात्मा गांधी एका खादी-प्रदर्शनाचें उद्घाटन करीत असल्याचा छोटा चित्रपट दाखवावयाचा होता. त्याला जोड म्हणून 'माधुरी'मधील सुलोचनाबाईंचें नृत्य ध्वनीची साथ देऊन लावण्यांत आलें. बाईंच्या जिभेच्या आधीं त्यांच्या पावलांना वाचा फुटली असें म्हणावयास हरकत नाहीं.

याच काळांतील त्यांच्या प्राप्तीविषयीं एक आख्यायिका अजूनहि सांगतात. दरमहा पांच हजार रुपये वेतन, म्हणजे मुंबईच्या गव्हर्नराहूनहि अधिक, असें तिचें स्वरूप. हिशेबी वाचकांनीं ती जरा पारखून घ्यावी. १९३५ च्या कायद्यानें मुंबईच्या गव्हर्नराचें वेतन सालीना एक लाख वीस हजार, म्हणजे दरमहा दहा हजार रुपये ठरविलें होतें; आधींच्या काळींहि तें त्याहून कमी नव्हतें. तेव्हां बाईंना पांच हजार मिळत असले तरी गव्हर्नरावर मात झाली नव्हती. परंतु लोकांना तसें म्हणावेंसें वाटलें यांतच त्या नांवाचा दरारा कळून येतो. एका पगारदार बाईची प्राप्ति मोजावयास लोकांनीं थेट लाटसाहेबांचें माप काढलें!

आणि मग १४ मार्च १९३१ हा दिवस उजाडला. गिरगांवांतील मॅजेस्टिक सिनेमांत 'आलम आरा' हा आपल्या देशांतील पहिला बोलपट लागला. तो काढला होता इंपीरियल कंपनीनेंच. कंपनीची सर्वांत गाजलेली नटी सुलोचना; परंतु बोलपटाची नायिका झाली झुबेदा. 'बलिदान'मध्यें दोघी एकाच पडद्यावर होत्या. चार वर्षांत दोघींच्या मध्यें एक अदृश्य भिंत उभी राहिली, आणि ती भाषेची होती. झुबेदाच्या आई फातिमा बेगम या उर्दू रंगभूमीवर तयार झालेल्या आणि पुढें स्वतः चित्रपट दिग्दर्शित करणाऱ्या कर्तबगार बाई. मुलीच्या कानावर बालपणापासून ती भाषा पडलेली. सुलोचनाबाईंना हिंदुस्थानी येत नव्हती.

यंत्रानें मांडलेला हा नवा हिशेब किती निष्ठुर होता, हें 'आलम आरा'च्या नायकावरूनहि दिसतें. मास्टर विठ्ठल हे मूकपटांतील धाडसी भूमिकांसाठीं लोकांच्या गळ्यांतील ताईत झालेले. त्यांना या चित्रपटासाठीं मिळविण्याकरितां कंपनीला कोर्टाची पायरी चढावी लागली आणि त्यांच्या बाजूनें बॅरिस्टर जीना उभे राहिले. एवढें करून बोलण्याच्या वेळीं मास्टरांची जीभ अडखळूं लागली. म्हणून कथेंतील बऱ्याच भागांत त्यांना बेशुद्ध किंवा अर्धवट शुद्धींत दाखवून वेळ निभावून नेली, असें सांगतात.

ध्वनि घेण्याची पद्धतहि अशी होती, कीं उणीव झांकण्यास जागाच नसे. चित्र आणि आवाज एकाच वेळीं, एकाच फितीवर उमटत. नंतर दुसऱ्याचा आवाज घालण्याची सोय नव्हती. स्टुडिओजवळून आगगाड्या जात, म्हणून चित्रण रात्रीं करीत. मायक्रोफोन नजरेआड लपविलेले असत आणि नटांना त्यांच्या आसपासच वावरावें लागे. शिवाय बोलपट म्हणजे गाण्यांचा चित्रपट हें पहिल्या दिवसापासूनच ठरून गेलें. 'आलम आरा'मध्येंच सात गाणीं होतीं. दुसऱ्यानें गावें आणि नटानें ओंठ हालवावे, ही पार्श्वगायनाची युक्ति कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सनें १९३५ सालीं रूढ केली. तोंवर ज्याचें तोंड त्याचेंच गाणें, असा रोकडा व्यवहार होता.

सुलोचनाबाईंपुढें दोन मार्ग होते. मिळविलेली कीर्ति आणि पैसा घेऊन सन्मानानें बाजूस होणें हा एक. पुष्कळांच्या नशिबीं तोच आला. सीता देवींचें नांव बोलपटाच्या आगमनाबरोबर मागें पडलें तें पडलेंच. दुसरा मार्ग अवघड आणि थोडा लाजिरवाणाहि. तो म्हणजे पाटी-पेन्सिल घेऊन पुन्हां पहिल्या इयत्तेंत बसण्याचा. बाईंनीं हा दुसरा मार्ग पत्करला. सुमारें वर्षभर त्यांनीं कामापासून रजा घेतली आणि हिंदुस्थानी भाषेचा अभ्यास केला.

हें वर्ष किती कठीण गेलें असेल, याची कल्पना ज्यांनीं प्रौढपणीं परकी भाषा शिकण्याचा यत्न केला आहे त्यांनाच येईल. इंग्रजीवर वाढलेल्या जिभेला 'त' आणि 'ट', 'द' आणि 'ड' हीं निरनिराळीं अक्षरें आहेत हेंच प्रथम पटवावें लागतें. 'ख', 'घ', 'ध', 'भ' यांतील श्वास तिला सांपडत नाहीं. त्यावर पुन्हां उर्दूचे घशांतून निघणारे वर्ण. ते तर आपणां मराठी मंडळींनाहि साधत नाहींत, आणि दिल्लीकडील माणूस आपलें हिंदी ऐकून गालांतल्या गालांत हंसतो तो याचमुळें. उच्चार साधला तरी काम संपत नाहीं. वाक्यांतील ठेंका, मुलीनें बापाशीं बोलतांना आणि प्रियकराशीं बोलतांना बदलणारें आदरार्थी रूप, हीं पुस्तकांतून येत नाहींत. तीं कानांनीं टिपावीं लागतात. आणि हें सर्व अशा स्त्रीनें करावयाचें, कीं जिचें मुख देशांतील लहान पोर ओळखतें! चुकलें तर हंसणाऱ्यांस तोटा नव्हता.

१९३२ सालीं त्या परतल्या, आणि परतल्या त्या आपल्याच जुन्या 'माधुरी'च्या बोलत्या अवतारांतून. त्यानंतर त्यांनीं आपले गाजलेले मूकपट एकामागून एक नव्यानें उभे केले. १९३५ सालीं 'अनारकली' बोलली. १९३६ सालीं 'वाइल्डकॅट ऑफ बाँबे'ची 'बंबई की बिल्ली' झाली. १९२९ सालची 'इंदिरा बी. ए.' मात्र १९३४ सालीं 'इंदिरा एम. ए.' होऊन आली. मधल्या पांच वर्षांत इंदिरेनें वरची पदवी मिळविली ती पडद्यावर. तिचें सोंग घेणाऱ्या बाईंनीं तेवढ्याच अवधींत दुसरी परीक्षा दिली होती, आणि तिला कोणत्याहि विद्यापीठाचें प्रमाणपत्र नव्हतें.

जुनेंच पुन्हां कां केलें, असा प्रश्न कोणी विचारील. व्यापाराच्या दृष्टीनें त्याचें उत्तर सोपें आहे: खपलेला माल पुन्हां खपतो. पण आम्हांला त्यांत आणखीहि कांहीं दिसतें. मुक्या अनारकलीला ज्यांनीं पाहिलें होतें, तेच प्रेक्षक बोलती अनारकली पाहावयास येणार. तुलना होणार हें उघड होतें. जेथें उणीव दिसण्याचा संभव सर्वांत अधिक, नेमक्या त्याच ठिकाणीं बाई उभ्या राहिल्या.

आतां थोडें आपल्या घराकडे वळूं. ज्या वर्षीं सुलोचनाबाई परतल्या, त्याच १९३२ सालीं प्रभात कंपनीचा 'अयोध्येचा राजा' कोल्हापुरास तयार झाला आणि त्यांत दुर्गाबाई खोटे तारामती झाल्या. लाड घराण्यांत जन्मलेल्या, सेंट झेवियर कॉलेजांत शिकलेल्या, खोटे घराण्याच्या सून असलेल्या दुर्गाबाईंनीं त्यापूर्वीं 'फरेबी जाल' (१९३१) या चित्रपटांत छोटेंसें काम केलें होतें. आणि त्याचे दिग्दर्शक होते सुलोचनाबाईंना शोधून काढणारे तेच मोहन भवनानी. एकोणीस वर्षांपूर्वीं ज्या तारामतीसाठीं स्त्री मिळाली नव्हती, त्या तारामतीला आतां सुशिक्षित ब्राह्मण घरांतील स्त्री मिळाली, आणि तिनें आपल्या गळ्यानें गाऊनहि दाखविलें. दुर्गाबाईंचें धैर्य असामान्य होतें. त्यासाठीं त्यांना समाजाचे काय बोल सोसावे लागले, हें त्यांच्या आत्मचरित्राच्या वाचकांस ठाऊक आहे.

परंतु या दोन्ही बाईंकडे एकदम पाहिलें म्हणजे एक गोष्ट मनांत येते. बोलपटानें शुद्ध वाणीची मागणी केली, तेव्हां आपल्या घरांत ती आयती होती. आई-आजीच्या तोंडून, स्तोत्रांतून, नाट्यगीतांतून, दिवाणखान्यांतील चर्चांतून ती मुलांच्या कानीं पडत आली. या वाणीचा आपण अभिमान बाळगतों, आणि दुसऱ्याच्या तोंडून एकादा 'न' च्या जागीं 'ण' निसटला, तर त्याच्या बुद्धीचें मोजमाप त्या एका अक्षरावरून करून मोकळे होतों. जें वडिलोपार्जित मिळालें तें आपलें कर्तृत्व, असा हा हिशेब आहे. सुलोचनाबाईंना वडिलोपार्जित कांहींच मिळालें नव्हतें. त्यांनीं हिंदुस्थानीचें एकेक अक्षर आपल्या कमाईंतील वर्ष खर्च करून विकत घेतलें. शुद्ध बोलणें ही चांगलीच गोष्ट आहे, आणि तिचा आग्रह आम्हीहि सोडणार नाहीं. मात्र जन्मानें आलेली शुद्धता आणि कष्टानें आलेली अशुद्धता यांतील कोणती अधिक आदरास पात्र, याचा निवाडा करतांना जीभ जरा आंवरावी.

सुलोचनाबाईंची ही दुसरी बहरहि कायमची टिकली नाहीं. दिनशा बिलिमोरियांबरोबर त्यांनीं आणखी कांहीं बोलपट केले, 'रूबी पिक्स' नांवाची स्वतःची संस्थाहि काढली. परंतु चौथें दशक संपतां संपतां नवीं मुखें, नवे गळे आणि नव्या कथा आल्या. नायिकेच्या भूमिका मिळेनाशा झाल्यावर त्यांनीं लहान भूमिका स्वीकारल्या. १९४७ च्या 'जुगनू'मध्यें त्या दिसल्या. १९५३ सालीं फिल्मिस्ताननें तिसऱ्यांदा 'अनारकली'ची कथा घेतली. नायिका झाल्या बीना राय, आणि ज्यांनीं दोनदां अनारकली होऊन सलीमावर प्रेम केलें होतें, त्या सुलोचनाबाई आतां सलीमाची आई झाल्या. एकाच कथेंत पंचवीस वर्षांत तीन वेळां उभें राहण्याचा योग आणि शेवटीं आपली जागा दुसरीला देऊन बाजूस उभें राहण्याचा मोठेपणा, हीं दोन्ही थोड्यांनाच लाभतात. आपल्याकडील सासूबाईंना हें निराळें सांगावयास नको!

१९७३ सालचें दादासाहेब फाळके पारितोषिक त्यांना देण्यांत आलें. ज्या फाळक्यांना तारामतीसाठीं बाई मिळाली नव्हती, त्यांच्या नांवाचा हा मान. १९८३ सालीं मुंबईंत त्यांचें निधन झालें.

राहतां राहिली एक खंत. आपल्या देशांतील मूकपट बहुतेक नष्ट झाले आहेत. खुद्द 'आलम आरा'ची एकहि प्रत आज उपलब्ध नाहीं. त्या फिती ज्वालाग्राही असत. कित्येक जळल्या, कित्येक ओलीनें कुजल्या, आणि कित्येक त्यांतील चांदी काढून घेण्यासाठीं वितळविल्या गेल्या. पुण्यास १९६४ सालीं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झालें, म्हणजे ज्या शहरीं रूबी जन्मली तेथेंच. परंतु तोंवर फार उशीर झाला होता. आजहि जुन्या वाड्यांच्या माळ्यांवर, ट्रंकांच्या तळाशीं, त्या काळचीं गाण्यांचीं चोपडीं, जाहिरातींचे कागद, सिनेमा मासिकांचे अंक पडून असतात. दिवाळीच्या आवराआवरींत तीं रद्दीवाल्याच्या तराजूंत टाकण्यापूर्वीं घरांतील कोणी तरी एकदां चाळून पाहावींत, आणि कांहीं सांपडल्यास त्या संग्रहालयास कळवावें, एवढी वाचकांस विनंति आहे.